नियम माहीत आहेत, तरी उत्तर का सापडत नाही?

अमेरिकेतल्या टेक्सास राज्यात वॅक्सहॅची नावाचं एक छोटं शहर आहे. तिथे जमिनीखाली ८७ किलोमीटर घेराचं एक अवाढव्य यंत्र उभं राहणार होतं: सुपरकंडक्टिंग सुपर कोलायडर. प्रोटॉन एकमेकांवर आदळवून पदार्थाच्या अगदी तळाशी काय आहे ते त्यात बघायचं होतं. सुमारे २ अब्ज डॉलर खर्च झाले होते, बोगद्याचा सुमारे पाव भाग खोदून झाला होता, आणि ऑक्टोबर १९९३ मध्ये अमेरिकी संसदेने प्रकल्पच बंद करून टाकला. कारणं अनेक होती. खर्चाचा अंदाज ११ अब्जांच्या आसपास गेला होता, शीतयुद्ध संपलं होतं, राजकारण तर होतंच. मला मात्र या प्रकरणातले दोन साक्षीदार महत्त्वाचे वाटतात. स्टीव्हन वाइनबर्ग संसदीय समित्यांपुढे प्रकल्पाच्या बाजूने बोलले, फिलिप अँडरसन विरोधात बोलले. दोघेही भौतिकशास्त्राचे नोबेलविजेते. पैसा कुठे खर्च व्हावा हा वाद होताच, पण त्याच्या बुडाशी दुसरा प्रश्न होता. निसर्गाचे 'मूलभूत' नियम म्हणायचे तरी कशाला?

वाइनबर्ग यांची भूमिका समजायला सोपी आहे. कशाबद्दलही 'का' असं विचारत चला. मीठ पाण्यात का विरघळतं? सोडियम आणि क्लोरीनच्या आयनांना पाण्याचे रेणू खेचून घेतात म्हणून. ते का खेचतात? विद्युतभारामुळे. अणूत विद्युतभाराची मांडणी अशीच का? इलेक्ट्रॉन क्वांटम यामिकीचे, म्हणजे अणूंच्या सूक्ष्म जगाचे, नियम पाळतात म्हणून. प्रश्न कुठूनही सुरू करा, रसायनापासून, हवामानापासून किंवा पेशीपासून, 'का'चे सगळे बाण खालीच जातात आणि मूलकणांच्या नियमांपाशी एकत्र येतात. वस्तूचं स्पष्टीकरण तिच्या घटकांत शोधायचं, या विचाराला रिडक्शनिझम म्हणतात.

या विचाराला नावं ठेवण्याची हल्ली पद्धत पडली आहे, पण विज्ञानाचं निम्मं वैभव त्यातूनच आलं आहे. उष्णता म्हणजे रेणूंची हालचाल, प्रकाश म्हणजे विद्युतचुंबकीय लहर, रासायनिक बंध म्हणजे इलेक्ट्रॉनची वाटणी: हे सगळे खाली बघण्याचे विजय आहेत. १९२९ साली पॉल डिरॅक यांनी लिहून टाकलं की भौतिकशास्त्राच्या मोठ्या भागाला आणि सगळ्या रसायनशास्त्राला लागणारे मूळ नियम आता पूर्ण माहीत झाले आहेत. अडचण एवढीच की त्यातून येणारी समीकरणं सुटण्यापलीकडची आहेत.

'अडचण एवढीच'. गेली शंभर वर्षं सारा वाद या दोन शब्दांभोवती फिरतो आहे.

अडचण केवढी आहे ते आधी आकड्यात बघू. प्रत्येकी दोनच अवस्था असलेले ३०० कण घ्या. त्यांची क्वांटम स्थिती पूर्णपणे लिहायची तर २ चा ३०० वा घात इतके आकडे लागतात, म्हणजे २ वर ९० शून्यं. दृश्य विश्वात अणू आहेत साधारण १ वर ८० शून्यं इतके. म्हणजे अख्खं विश्व कागद म्हणून वापरलं तरी ३०० कणांची नोंद त्यावर मावत नाही. आणि १८ ग्रॅम पाण्यात रेणू असतात ६ वर २३ शून्यं. संगणक मोठा करून हे काम होणार नाही, हे उघड आहे. पण अँडरसन यांचा मुद्दा हा नव्हता, आणि इथेच बरेच लोक चुकतात. त्यांचं म्हणणं होतं की अमर्याद ताकदीचा संगणक मिळाला तरी प्रश्न शिल्लक राहतो.

१९७२ साली 'सायन्स' या नियतकालिकात त्यांचा चार पानांचा लेख आला: 'मोअर इज डिफरन्ट'. सगळं काही साध्या मूलभूत नियमांपर्यंत नेता येतं हे त्यांनी सुरुवातीलाच मान्य केलं. नाकारलं ते याच्या उलट गृहीतक: की त्या नियमांपासून निघून विश्व पुन्हा रचता येईल. खाली जाणारा रस्ता आहे म्हणून त्याच रस्त्याने वर येता येतं असं नाही. वस्तूंची संख्या वाढली की नवे गुण आणि नवे नियम दिसू लागतात. हेच इमर्जन्स. एकेका घटकात ज्याचा मागमूसही नाही असं काही समूहात प्रकट होणं.

त्यांनी दिलेलं उदाहरण अमोनियाचं होतं. अमोनियाच्या रेणूत तीन हायड्रोजन एका त्रिकोणात असतात आणि नायट्रोजन त्या त्रिकोणाच्या एका बाजूला असतो. पण समीकरणाला दोन्ही बाजू सारख्याच. म्हणून नायट्रोजन एका बाजूला टिकत नाही, सेकंदाला सुमारे २४ अब्ज वेळा या बाजूकडून त्या बाजूला जातो. रेणूची खरी स्थिर अवस्था म्हणजे दोन्ही बाजूंचं समान मिश्रण. समीकरणात जी सममिती आहे ती रेणूतही दिसते. इथवर रिडक्शनिस्ट माणसाला काही तक्रार नसावी.

आता साखरेचा रेणू घ्या. त्यात ४५ अणू. समीकरण तेच, त्यालाही डावं-उजवं सारखंच. मग साखरेच्या रेणूनेही स्वतःच्या आरशातल्या प्रतिमेशी अशीच अदलाबदल करत राहायला हवं होतं. तसं होत नाही. इतक्या अणूंनी एकदम बाजू बदलण्याची शक्यता इतकी नगण्य असते की विश्वाचं वय त्यापुढे कमी पडेल. उसातली साखर एकाच 'हाताची' असते आणि तशीच राहते. तिच्या द्रावणातून ध्रुवित, म्हणजे एकाच प्रतलात डोलणारा, प्रकाश सोडला की त्याचं प्रतल एकाच दिशेला वळतं. आपल्याकडच्या साखर कारखान्यांच्या प्रयोगशाळेत रसाची 'पोल', म्हणजे साखरेचं प्रमाण, काढतात ती याच वळण्यावरून. समीकरणाने डाव्या-उजव्यात भेद केलेला नाही, पण साखरेत तो ठळक आहे. कुठलाही नियम मोडलेला नाही. मात्र ही एकच बाजू का निवडली गेली, याचं उत्तर समीकरणात नाही. ते जीवसृष्टीच्या इतिहासात आहे.

याला सममितीभंग म्हणतात, आणि साखर ही त्याची नुसती सुरुवात आहे. लोखंडातल्या अणूंना कुठलीही दिशा खास नाही, तरी ७७० अंश सेल्सिअसच्या खाली त्यांचे छोटे छोटे चुंबक मिळून एक दिशा धरतात. अवकाशातलं प्रत्येक ठिकाण सारखंच, तरी स्फटिकातले अणू ठरावीक जागा पकडून बसतात. आणि तसे बसले म्हणूनच स्फटिक कडक असतो: एक टोक ढकललं की दुसरं टोक हलतं. 'कडकपणा' हा एका अणूचा गुण नाहीच. एका रेणूला तापमान नसतं, दाब नसतो, उकळबिंदूही नसतो.

यात एक तांत्रिक गोम आहे आणि ती मला या विषयातली सर्वांत सुंदर गोष्ट वाटते. रेणूंची संख्या मर्यादित असेल तर गणिताप्रमाणे वितळणं-उकळणं कधीच एका नेमक्या तापमानाला होणार नाही. सगळे आलेख गुळगुळीतच येतील. उत्कलनाची धारदार रेषा फक्त अनंत रेणूंच्या मर्यादेत उमटते. १९३७ साली अॅमस्टरडॅमच्या एका परिषदेत यावर इतका वाद झाला की हेंड्रिक क्रॅमर्स यांनी प्रश्न चक्क मतदानाला टाकला, आणि तरीही निकाल लागला नाही. आज त्याचं उत्तर निर्विवाद आहे. 'पुष्कळ' ही नुसती मोठी संख्या नसते. 'पुष्कळ' झाल्यावर गणिताचं स्वरूपच बदलतं.

आता अतिसंवाहकता बघा. १९११ साली लायडेनमध्ये हाइके कामरलिंग ओनेस यांना दिसलं की पारा ४.२ केल्विनपर्यंत (सुमारे उणे २६९ अंश सेल्सिअस) थंड केला की त्याचा विद्युतरोध एकाएकी नाहीसा होतो. क्वांटम यामिकी १९२५-२६ मध्ये पूर्ण झाली. धातूतल्या इलेक्ट्रॉनांना लागू होणारं समीकरण तेव्हापासून सर्वांच्या हातात होतं. आइन्स्टाईन, बोर, हायझेनबर्ग, फाइनमन अशा एकाहून एक दिग्गजांनी डोकं लावलं आणि हात टेकले. उत्तर मिळालं १९५७ मध्ये, बार्डीन, कूपर आणि श्रीफर यांच्याकडून. एकमेकांना दूर लोटणारे इलेक्ट्रॉन स्फटिकाच्या कंपनांच्या मध्यस्थीने जोड्या बांधतात आणि अशा असंख्य जोड्या मिळून एकच सामूहिक अवस्था तयार होते. मधल्या तीस वर्षांत तळाच्या नियमांत कशाचीही भर पडली नव्हती. कमी होती ती कल्पनेची: कुठल्या पातळीवर, कोणत्या शब्दांत विचार करायचा याची. आज इस्पितळातल्या बहुतेक एमआरआय यंत्रांत द्रवरूप हेलियमने थंड ठेवलेली अतिसंवाहक चुंबकं असतात, त्यामुळे हा काही प्रयोगशाळेतला दुर्मीळ चमत्कार नव्हे.

आणि त्यानंतर जे घडलं त्याने वरचं कोण आणि खालचं कोण हा क्रमच विस्कटला. योइचिरो नाम्बू यांनी १९६० च्या सुमारास अतिसंवाहकतेची कल्पना उचलून मूलकणांना लावली. अतिसंवाहकात प्रकाशाला जणू वस्तुमान मिळाल्यासारखं होतं, हे अँडरसन यांनी १९६३ मध्ये दाखवलं आणि असंच मूलकणांच्या जगात होत असेल असं सुचवलं. १९६४ मध्ये पीटर हिग्ज, तसंच ब्राउट आणि एंग्लेर्ट यांनी त्याला सापेक्षतेच्या चौकटीत बसवलं. ४ जुलै २०१२ रोजी जिनिव्हाजवळच्या सर्न प्रयोगशाळेने जाहीर केलेला हिग्ज कण या साखळीच्या टोकाला आहे. विश्वाच्या तळाशी काय आहे हे समजायला लागणारी गुरुकिल्ली थंड धातूच्या तुकड्यात सापडली होती.

मात्र माझ्या मते इमर्जन्सची सर्वांत भक्कम बाजू वेगळीच आहे. ती म्हणजे सार्वत्रिकता, युनिव्हर्सॅलिटी.

पाणी बंद भांड्यात तापवत नेलं तर ३७४ अंश सेल्सिअस आणि २१८ वातावरण दाबापाशी एक विलक्षण गोष्ट होते: द्रव आणि वाफ यांतला फरकच संपतो. त्या क्रांतिक बिंदूकडे जाताना दोघांच्या घनतेतला फरक एका ठरावीक लयीत शून्याकडे जातो. ती लय एका घातांकाने मोजतात. १९४५ मध्ये एडवर्ड गुगनहाइम यांनी निऑन, आरगॉन, नायट्रोजन, मिथेन असे आठ पदार्थ एकाच आलेखावर मांडले आणि सगळे एकाच वक्रावर येऊन बसले. घातांक जवळपास एक-तृतीयांश. आजची अधिक काटेकोर किंमत ०.३२६ च्या आसपास. रेणूंचे आकार वेगळे, त्यांच्यातली बलं वेगळी, तरी आकडा तोच. आणि एकाच अक्षावर वर किंवा खाली एवढंच करू शकणाऱ्या चुंबकांचं चुंबकत्व तापमान वाढताना ज्या लयीत नाहीसं होतं, तिचाही घातांक हाच. वाफ होणारा द्रव आणि चुंबकत्व गमावणारं घनरूप, यांत अणूंच्या पातळीवर काय साम्य आहे? काहीही नाही.

याचं कोडं लिओ कडानॉफ यांच्या १९६६ मधल्या कल्पनेवर उभं राहून केनेथ विल्सन यांनी १९७१ मध्ये सोडवलं. १९८२ चं नोबेल त्यासाठीच मिळालं. फोनवरचा नकाशा झूम आउट करताना गल्ल्या गळून पडतात, मग उपरस्ते, शेवटी नद्या आणि महामार्ग उरतात. विल्सन यांनी समीकरणांना तशीच शिस्त लावली. अणूंचे गट करायचे, गटाचा एकच सरासरी घटक मानायचा, पुन्हा त्यांचे गट करायचे. प्रत्येक पायरीवर बहुतेक तपशील क्षीण होत जातात. क्रांतिक बिंदूपाशी शेवटी उरतं ते थोडंच: अवकाशाच्या मिती किती, व्यवस्थेची सममिती कोणती, परस्परक्रिया जवळपासच्याच की दूरच्याही. पाणी आणि चुंबक इथे एकाच घरचे ठरतात.

याचा अर्थ नीट लक्षात घ्यायला हवा. ०.३२६ हा आकडा का, या प्रश्नाला पाण्याच्या रेणूची खडान्‌खडा माहिती हे उत्तर नाही. ती सगळी माहिती तुमच्याकडे असली तरी ती टाकून देता येते हे दाखवणं, हेच उत्तर आहे. संगणकाने प्रत्येक रेणूचा मार्ग काढून दिला तर आकडा मिळेल, पण मिथेनलाही तोच का आणि चुंबकालाही तोच का, हे कळणार नाही. वर म्हटलेला अमर्याद संगणक इथे निरुपयोगी ठरतो.

कधीकधी तर वरच्या पातळीवरचा नियम खालच्या गोंधळापेक्षा जास्त काटेकोर असतो. १९८० मध्ये क्लाउस फॉन क्लिट्झिंग यांनी सिलिकॉनच्या एका उपकरणातला पातळ इलेक्ट्रॉन-थर अतिशय थंड करून तीव्र चुंबकीय क्षेत्रात ठेवला. त्याचा हॉल-रोध, म्हणजे प्रवाहाच्या आडव्या दिशेतलं व्होल्टेज मोजून काढलेला रोध, सलग बदलण्याऐवजी पायऱ्यापायऱ्यांनी बदलला, आणि या पायऱ्या २५,८१२.८०७ ओहमला १, २, ३ अशा पूर्णांकांनी भागून मिळतात. नमुन्यात अशुद्धी आहे, त्याच्या कडा वेड्यावाकड्या आहेत, तरी हा आकडा अब्जात काही भाग इतका अचूक येतो. १९९० पासून जगभर विद्युतरोधाचं प्रमाण त्यावरूनच ठरतं. दोन वर्षांनी, १९८२ मध्ये, अपूर्णांकातल्या पायऱ्याही सापडल्या आणि रॉबर्ट लाफ्लिन यांनी दाखवलं की तिथले कण इलेक्ट्रॉनच्या एक-तृतीयांश भाराचे असल्यासारखे वागतात. इलेक्ट्रॉन फुटलेला नसतो. तो फुटतच नाही. एक-तृतीयांश भार हा समूहाचा गुण आहे, आणि तो १९९७ मध्ये प्रत्यक्ष मोजला गेला. पुढे जैनेंद्र जैन या राजस्थानात वाढलेल्या भौतिकशास्त्रज्ञाने या पायऱ्यांच्या अख्ख्या मालिकेचा अर्थ लावला.

इथे एक इशारा द्यायला हवा. 'अवयवांपेक्षा समग्र मोठं' हे वाक्य हाती लागलं की त्यावर काहीही लादलं जातं: गूढ ऊर्जा, समूहाचं चैतन्य, विज्ञानाला न कळणारी शक्ती. अँडरसन यांच्या म्हणण्यात याला तिळमात्र जागा नाही. अतिसंवाहकातला एकही इलेक्ट्रॉन आपले नियम मोडत नाही. वरचे नियम खालच्यांशी सुसंगतच असतात. फक्त खालच्यांवरून ते सुचत नाहीत आणि खालच्या शब्दांत ते मांडताही येत नाहीत.

वाइनबर्ग यांची बाजूही दुबळी नाही. प्रोटॉनचं उदाहरण घ्या. तो ज्या मूलकणांचा बनतो त्या तीन क्वार्कांच्या वस्तुमानांची बेरीज प्रोटॉनच्या वस्तुमानाच्या जेमतेम १ टक्का भरते. बाकी सगळं क्वार्क आणि त्यांना बांधून ठेवणारे ग्लुऑन यांच्या सामूहिक ऊर्जेतून येतं. म्हणजे आपल्या शरीराचं वजन हाच मुळात इमर्जन्सचा नमुना. पण २००८ मध्ये महासंगणकांवर थेट तळाच्या समीकरणांपासून सुरुवात करून प्रोटॉनचं वस्तुमान काही टक्क्यांच्या अचूकतेने काढलं गेलं. खालून वर येणं अशक्य आहे असं सरसकट म्हणणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं. कुठे शक्य आहे आणि कुठे नाही, हे प्रत्येक ठिकाणी जाऊनच ठरवावं लागतं.

या शोधाचा एक धागा मुंबईतून जातो. १९८७ मध्ये पेर बाक, चाओ तांग आणि कर्ट वीसनफेल्ड यांनी वाळूच्या ढिगाचं एक खेळण्यासारखं प्रारूप मांडलं. चौकटीच्या कागदावर एकेक कण टाकत जायचा. एका घरात चार कण झाले की ते घर कोसळतं आणि चारही शेजाऱ्यांना एकेक कण देतं. कडेचे कण बाहेर पडतात. नियम लहान मुलालाही कळेल असा. पण काही काळाने ढीग आपोआप अशा अवस्थेत येतो की पुढच्या एका कणाने काहीच होणार नाही किंवा अख्खा ढीग हादरेल. बाहेरून कुणी तापमान जुळवत नाही. क्रांतिक बिंदूपाशी तो स्वतःहून पोचतो. यावर गणिताचा नेमका हात ठेवला तो टीआयएफआरच्या (टाटा मूलभूत संशोधन संस्था) दीपक धर यांनी, १९९० मध्ये. घरं कोणत्याही क्रमाने कोसळली तरी शेवटी ढीग तोच उरतो हे त्यांनी सिद्ध केलं, आणि त्या बळावर ढीग वारंवार ज्या अवस्थांत येतो त्यांची संख्या अचूक काढली. सांख्यिकी भौतिकशास्त्रातलं मानाचं २०२२ चं बोल्ट्झमन पदक त्यांना मिळालं, हा मान मिळवणारे ते पहिले भारतीय. त्या वर्षी पदकाचे दुसरे मानकरी होते जॉन हॉपफील्ड. साध्या घटकांच्या जाळ्यात स्मृती कशी उमटते हे दाखवणाऱ्या त्यांच्या १९८२ च्या शोधनिबंधाच्या शीर्षकातच 'इमर्जंट' हा शब्द आहे.

खऱ्या ढिगांनी मात्र वेगळा धडा दिला. १९९६ मध्ये ऑस्लोत तांदळाच्या ढिगांवर प्रयोग झाले. लांब दाण्याच्या तांदळात प्रारूपासारखी लहानमोठी कोसळणी दिसली. आखूड दाण्याच्या तांदळात दिसली नाही. म्हणजे इथे दाण्याचा आकार महत्त्वाचा ठरला. कुठला तपशील टाकायचा आणि कुठला ठेवायचा, हे आधीच कुणी सांगून ठेवलेलं नसतं.

आजही एक मोठा प्रश्न नेमका इथेच अडला आहे. १९८६ मध्ये बेडनोर्झ आणि म्युलर यांना ताम्र-ऑक्साइडच्या एका सिरॅमिकमध्ये ३५ केल्विनच्या आसपास अतिसंवाहकता दिसली. वर्षभरात ती ९३ केल्विनपर्यंत गेली, म्हणजे स्वस्त द्रवरूप नायट्रोजन पुरेल इतकी. यातल्या इलेक्ट्रॉनांची समीकरणं ठाऊक आहेत. अँडरसन २०२० मध्ये वारले. त्यांनी शेवटची तीन दशकं या प्रश्नावर घालवली आणि तरीही सर्वमान्य सिद्धान्त अजून नाही. सर्वांत साधं प्रारूप १९६३ चं, जॉन हबर्ड यांचं. त्यात दोनच आकडे असतात: इलेक्ट्रॉन शेजारच्या जागी किती सहज उडी मारतो, आणि एकाच जागी दोघे आले तर किती ऊर्जा लागते. एका ओळीत लिहिता येणारं हे समीकरण दोन मितींत अजून पूर्ण सुटलेलं नाही. म्हणून काही प्रयोगशाळांत आता लेसरच्या प्रकाशाने विणलेल्या जाळीत थंड केलेले अणू इलेक्ट्रॉनांच्या जागी बसवतात आणि ते मिळून काय करतात ते मोजतात.